हॅरिस, रेनी

हॅरिस, रेनी : (१९६४– ). अमेरिकन नर्तक व नृत्यदिग्दर्शक. पूर्ण नाव लॉरेन्झो हॅरिस. रस्त्यावर, क्लबांत आणि वस्त्यांतील रिंगणांत वाढलेले हिप-हॉप नृत्य पूर्ण लांबीच्या रंगमंचीय प्रयोगाचा भार पेलू शकते, हे ज्यांच्या कामातून सर्वांत ठामपणे सिद्ध झाले, त्यांत हॅरिस यांचे नाव प्रथम घ्यावे लागते.

त्यांचा जन्म अमेरिकेतील फिलाडेल्फिया शहरात झाला. शहराच्या उत्तर भागातील कृष्णवर्णीयांच्या वस्तीत ते वाढले. तेथील तरुणांच्या ‘स्टेपिंग’ या पदन्यासप्रधान नृत्यात ते लहान वयातच तयार झाले. पुढे पॉपिंग (स्नायूंना हिसके देत केले जाणारे नृत्य) करणाऱ्या ‘स्कॅनर बॉइज’ या गटातून त्यांचा बोलबाला झाला. पंधराव्या वर्षापासून ते नृत्य शिकवीत आहेत. १९८४ मध्ये देशभर फिरलेल्या ‘फ्रेश फेस्ट’ या रॅप संगीताच्या दौऱ्यातही ते नाचले.

१९९२ मध्ये त्यांनी ‘रेनी हॅरिस प्युअरमूव्हमेंट’ ही नृत्यसंस्था स्थापन केली. तोपर्यंत हिप-हॉपला दूरदर्शनवर, चित्रपटांत आणि जाहिरातींत भरपूर मागणी होती. पण ती मुख्यतः कसरतीला होती. डोक्यावर गिरक्या घेणारा मुलगा सर्वांना हवा होता, त्याला काय म्हणायचे आहे हे कोणी विचारत नव्हते. हॅरिस यांनी नेमके तेच विचारले. ‘एन्डेंजर्ड स्पीशीज’ या एकलनृत्यात त्यांनी कृष्णवर्णीय पुरुषाच्या वाट्याला येणारी हिंसा आणि भय स्वतःच्या शरीरावर घेऊन दाखविले. पॉपिंगमधील स्नायूंचे हिसके येथे करमणुकीचे राहत नाहीत. ते भ्यालेल्या माणसाचे होतात.

त्यांची सर्वांत महत्त्वाची कृती ‘रोम अँड ज्युवेल्स’ (२०००). शेक्सपिअरच्या ‘रोमिओ अँड ज्युलिएट’ची कथा येथे शहरी टोळ्यांत घडते. दोन टोळ्यांतला फरक वेशभूषेवर सोडलेला नाही, तो नृत्यशैलीतच आहे : एक टोळी जमिनीलगतचे बी-बॉइंग (ब्रेकिंग) करते, तर दुसरी उभ्याने केल्या जाणाऱ्या हिप-हॉप शैलीत नाचते. त्यामुळे भांडण पायांतूनच कळते. रंगमंचावर डीजे असतात, आणि नायक रोमच्या तोंडी शेक्सपिअरची भाषा व रस्त्यावरची बोली एकमेकींत मिसळून येते. नायिका ज्युवेल्स मात्र रंगमंचावर कधीच येत नाही. रोम रिकाम्या जागेशी बोलतो, आणि प्रेक्षकाला ती दिसल्यासारखी वाटते. नायिकेला अदृश्य ठेवण्याचा हा निर्णय धाडसी होता. पुरुषांच्या जगात स्त्री किती गैरहजर असते, हेही त्यातून आपोआप बोलले जाते. या कृतीला न्यूयॉर्कचे मानाचे ‘बेसी’ पुरस्कार मिळाले. त्यानंतर ‘फेसिंग मेक्का’ (२००३) हा प्रयोग आला.

अमेरिकन नृत्यदिग्दर्शक एल्विन एली यांच्या नृत्यसंस्थेसाठी हॅरिस यांनी केलेले काम वेगळ्या कसोटीचे होते. तेथील नर्तक आधुनिक नृत्य व बॅलेत घडलेले, त्यांच्या अंगात हिप-हॉप व हाउस नृत्याचा ठेका भिनवायचा होता. एड्सबाधितांच्या जीवनावरील ‘होम’ २०११ मध्ये रंगमंचावर आले. स्वतः एली यांचा मृत्यू १९८९ मध्ये एड्सनेच झाला होता. २०१५ मध्ये ‘एक्झोडस’ आणि संस्थेच्या साठाव्या वर्षी, २०१८ मध्ये, ‘लॅझरस’ सादर झाले. एली यांच्या आयुष्यावरून व काळावरून सुचलेली ‘लॅझरस’ ही कृती त्या संस्थेची पहिली दोन अंकी नृत्यरचना होय. डॅरिन रॉस यांचे संगीत हॅरिस यांच्या अनेक रचनांना लाभले आहे.

शिक्षक म्हणूनही त्यांचे काम तितकेच मोलाचे आहे. फिलाडेल्फियात त्यांनी सुरू केलेल्या ‘इल्लाडेल्फ लेजंड्स’ या महोत्सवात ‘लॉकिंग’ या नृत्यशैलीचे जनक डॉन कॅम्पबेल यांच्यासारख्या आद्य कलावंतांनी तरुणांना समोरासमोर शिकविले. लॉकिंग लॉस एंजेलिसमधले, पॉपिंगचा उगम फ्रेस्नोचा, ब्रेकिंग न्यूयॉर्कच्या ब्राँक्सचे. या प्रत्येकाची वंशावळ वेगळी आहे आणि ती माहीत असल्याशिवाय नाचू नये, असा त्यांचा आग्रह असतो. व्यक्तित्व, सर्जन आणि नावीन्य हे ते हिप-हॉपचे मूलभूत नियम मानतात. आज गल्लोगल्ली चालणाऱ्या नृत्यवर्गांत हा इतिहास क्वचितच सांगितला जातो, म्हणून त्यांच्या या आग्रहाचे महत्त्व अधिक.

त्यांना २०१० मध्ये गुगेनहाइम अधिछात्रवृत्ती मिळाली. २०१२ मध्ये अमेरिकी शासनाच्या सांस्कृतिक कार्यक्रमांतर्गत त्यांच्या संस्थेने पश्चिम आशियाचा दौरा केला. हॅरिस यांच्या रचना नव्याने पाहणाऱ्याने ‘होम’पासून सुरुवात करावी आणि मग ‘रोम अँड ज्युवेल्स’कडे वळावे.