नळापासून विधानसभेपर्यंत

स्मरणिकेसाठी ‘काहीतरी इतिहासाचे लिहा’ असा आग्रह आमच्या चिटणीसबाईंनी धरला, तेव्हा राजेरजवाड्यांकडे न वळता, आपल्यासारख्याच एका महिला मंडळाच्या कामातून पुढे आलेल्या आमदारबाईंची हकीकत सांगावी असे मी ठरविले. मृणालताई गोरे हे नाव आपणां सर्वजणींना ठाऊक आहे. परंतु ‘पाणीवाली बाई’ म्हटले की आपले स्मरण बहुधा तेथेच थांबते. विधानसभेत त्यांनी काय केले, हे फारसे कुणी सांगत नाही.

मृणालताईंचा जन्म २४ जून १९२८ चा. माहेरच्या त्या मोहिले. वैद्यकीचे शिक्षण चालू असतानाच त्या राष्ट्र सेवा दलाच्या कामात पडल्या आणि डॉक्टर होणे सोडून त्यांनी समाजवादी चळवळीस वाहून घेतले. केशव तथा बंडू गोरे यांच्याशी विवाह झाला व गोरेगाव हे त्यांचे कार्यक्षेत्र ठरले. तेथे महिला मंडळ आणि कुटुंबनियोजन या कामांच्या निमित्ताने त्या घराघरांत पोचल्या. १९५८ साली बंडू गोरे निवर्तले. पदरी लहान मुलगी होती. पण काम थांबले नाही. १९६१ साली त्या मुंबई महानगरपालिकेवर निवडून आल्या. उपनगरांतील वस्त्यांना पाणी मिळावे म्हणून त्यांनी जो पिच्छा पुरविला, त्यातून लोकांनीच त्यांना ते नाव दिले.

१९७२ साली त्या आमदार झाल्या. ते दुष्काळाचे वर्ष. साखर, तेल, रॉकेल या जिन्नसांसाठी गृहिणी रडकुंडीस आल्या होत्या. तेव्हा अहिल्याताई रांगणेकर, प्रमिलाताई दंडवते अशा निरनिराळ्या पक्षांच्या भगिनींसह त्यांनी महागाईविरोधी समिती उभी केली, आणि हाती लाटणी व थाळ्या घेऊन हजारो बायका रस्त्यावर आल्या. पुढे १९७५ ची आणीबाणी, अज्ञातवास आणि तुरुंगवास; १९७७ साली उत्तर मुंबईतून लोकसभा; आणि १९८५ साली पुन्हा विधानसभा. तेथे विरोधी पक्षनेतेपदही त्यांनी सांभाळले.

परंतु मला सांगावयाचे आहे ते याच दुसऱ्या खेपेचे. त्या सुमारास गर्भजलपरीक्षा करून मुलगी असल्यास गर्भ पाडून टाकण्याचा प्रकार मुंबईत बोकाळला होता. सरकारी रुग्णालयांत त्यास मनाई होती, खाजगी दवाखान्यांना मात्र मोकळे रान होते. १९८६ साली मृणालताईंनी याविरुद्ध विधानसभेत अशासकीय विधेयक आणले. मंत्री नसलेला सभासद जे विधेयक मांडतो, त्यास असे म्हणतात. ती क्वचितच मंजूर होतात, कारण बहुमत सरकारपाशी असते. पण विधेयक मांडले म्हणजे विषय सभागृहाच्या कागदावर येतो आणि सरकारला तोंड उघडावे लागते. बाहेर महिला संघटनांचा रेटा होता, आत हे विधेयक. अखेर सरकारने स्वतःचाच कायदा आणला आणि १९८८ साली तो झाला. अशा चाचण्यांवर बंधन घालणारा तो देशातील पहिला कायदा होय. केंद्राचा कायदा व्हावयास १९९४ साल उजाडले.

आता एक गोष्ट मन घट्ट करून लिहिते. १९८४ साली आमच्या चाळीत वरच्या मजल्यावरची एक सून, दोन मुलींची आई, सासूबरोबर ‘तपासणी’ला गेली आणि आठवड्याने अंथरुणाला खिळली. काय झाले ते मजल्यावरील साऱ्या बायकांना कळले होते. मी तिच्यासाठी मऊभात घेऊन गेले, तिच्या उशाशी बसले, उन्हाळ्याबद्दल बोलले आणि घरी आले. त्या वेळी मी मंडळाची सभासद होते. हळदीकुंकवाला आम्ही स्त्रियांच्या उन्नतीवर व्याख्यानही ठेविले होते. दोन वर्षांनी विधेयकाची बातमी वर्तमानपत्रात वाचली, तेव्हा त्या मऊभाताच्या वाटीची आठवण होऊन मला शरम वाटली.

कायदा झाला म्हणून सारे साधले असेही नाही. महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे मुली १९९१ साली ९४६ होत्या. २००१ साली ९१३ आणि २०११ साली ८९४. म्हणजे कायदा पुस्तकात होता, आणि घरोघरी माझ्यासारख्या बायका उन्हाळ्याबद्दल बोलत होत्या.

मृणालताई १७ जुलै २०१२ रोजी गेल्या. विधानसभेत बाईने जे करावयाचे ते त्यांनी केले. चाळीत जे करावयाचे ते काही सभागृहात होत नाही. यंदा मंडळाने एवढे तरी ठरवावे, की आपल्या आळीत मुलगी जन्मली की दोघीतिघींनी बाळंतविडा घेऊन त्या घरी जावे, मुलगा झाल्यावर जातो तितक्याच हौसेने. आणि कुणा सुनेवर अशी वेळ येते आहे असे कळले, तर उन्हाळ्याबद्दल न बोलता तिच्याशी त्याबद्दलच बोलावे. पहिल्या घरी मी येईन.