सोडलेला खेळ

'अण्णा' हा शब्द मला मराठीतून तमिळमध्ये नेताना बदलावा लागत नाही. थोरल्या भावाला दोन्हीकडे हीच हाक, आणि मी राहते ते अण्णा नगरही अण्णादुराईंच्या नावात ती हाक सांभाळून आहे. या दोन भाषांच्या मुलखांना जोडणारा असाच एक धागा टेनिसच्या इतिहासात आहे, पण तो एका पराभवातून सुरू होतो.

1951-52च्या राष्ट्रीय ज्युनियर टेनिस स्पर्धेत सांगलीचे नंदू नाटेकर अंतिम सामन्यात मद्रासच्या रामनाथन कृष्णन यांच्याकडून हरले. कृष्णन त्यांच्याहून चार वर्षांनी लहान. नाटेकर त्यानंतर बॅडमिंटनकडे वळले. 1954मध्ये कृष्णन विम्बल्डनचे ज्युनियर विजेते झाले, असे पहिलेच आशियाई. त्याच वर्षी नाटेकरांनी ऑल इंग्लंड स्पर्धेची उपांत्यपूर्व फेरी गाठली. 1956मध्ये क्वालालंपूरला सेलांगर स्पर्धा जिंकून परदेशात बॅडमिंटनचे विजेतेपद मिळवणारे ते पहिले भारतीय ठरले. कृष्णन 1960 आणि 1961 अशी लागोपाठ दोन वर्षे विम्बल्डनच्या उपांत्य फेरीत खेळले. 1961मध्येच अर्जुन पुरस्कार सुरू झाले आणि पहिल्याच यादीत दोघांचीही नावे आली. हरलेला आणि जिंकलेला पुन्हा एका ओळीत.

पुढच्या पिढीत रमेश कृष्णन 1979मध्ये वडिलांसारखेच विम्बल्डनचे ज्युनियर विजेते झाले. इकडे गौरव नाटेकर यांनी वडिलांनी गाजवलेला खेळ न घेता सोडलेला खेळ घेतला. 1994च्या हिरोशिमा आशियाई स्पर्धेत त्यांनी लिएंडर पेसबरोबर दुहेरीचे सुवर्ण जिंकले. सांघिक सुवर्णही भारतालाच मिळाले.

अशा वेळी 'बापाचे अपुरे स्वप्न लेकाने पुरे केले' हे वाक्य हाताशी तयारच असते. मला ते खोटे वाटते. ज्याने सहा वेळा राष्ट्रीय एकेरी जिंकली, थॉमस कपमध्ये एकेरीच्या सोळापैकी बारा लढती जिंकल्या, त्याचे काय अपुरे होते? शिवाय या वाक्यात लेकाचे श्रमही बापाच्या खात्यावर जमा होतात. हिरोशिमाच्या सुवर्णाचे तर आणखी एक झाले. पुढे पेस इतके मोठे झाले की ते पदक त्यांच्याच कारकिर्दीची पहिली पायरी म्हणून आठवले जाते. दुहेरीत मात्र अर्धे कोर्ट दुसऱ्याचे असते.

मूळ लेखकाच्या सावलीत काम करणाऱ्या अनुवादकाला हे वेगळे सांगावे लागत नाही. म्हणून गौरव नाटेकरांची कारकीर्द लिहिताना मी ना वडिलांपासून सुरुवात करीन, ना जोडीदारापासून. कोर्टाच्या त्यांच्या अर्ध्यापासून करीन.