कोयनेचं खोरं: जावळी ते शिवसागर

आज एक काम करा. ऐकता ऐकता फोनवर मॅप उघडा, सॅटेलाइट व्ह्यू लावा आणि महाबळेश्वर शोधा. तिथून खाली दक्षिणेकडे एक लांबलचक निळी पट्टी दिसेल. ती आपली कोयना, म्हणजे शिवसागर जलाशय.

आता गंमत बघा. सह्याद्रीतून देशावर येणाऱ्या बहुतेक नद्या सरळ पूर्वेची वाट धरतात. कोयना मात्र साधारण ६५ किलोमीटर डोंगराला समांतर, दक्षिणेकडे वाहते. पश्चिमेला सह्याद्रीची मुख्य धार, पूर्वेला बामणोलीची रांग, मध्ये ही अरुंद खोल दरी. हेळवाकला ती एकदम पूर्वेकडे वळते आणि कराडला कृष्णेला मिळते. मला विचाराल तर या खोऱ्याचा सगळा इतिहास या आकारातच दडलाय.

दोन भिंतींमधलं दाट जंगल. जावळीचे मोरे इथे पिढ्यानपिढ्या टिकले ते याच जोरावर. शिवरायांनी १६५६ मध्ये जावळी घेतली आणि लगेच प्रतापगड उभा राहिला. १६५९ मध्ये अफझलखान वाईहून रडतोंडीचा घाट उतरून पारला आला. (नावावरूनच घाट कसा असेल ते कळतं!) मोकळ्या मैदानात भारी पडणारं ते सैन्य इथे झाडीत विखुरलं. भेटीची गोष्ट सगळ्यांना पाठ असते, पण सैन्याचं काय झालं हे समजायला दरी बघावी लागते.

खाली मुख्य धारेवर वासोटा. १८१८ मध्ये दोन इंग्रज अधिकारी इथे कैदेत होते आणि साताऱ्याच्या छत्रपतींचे कुटुंबीयसुद्धा. एखाद्याला जगापासून लांब ठेवायचं तर याहून बरी जागा कुठली? त्याच वर्षी इंग्रजांनी तोफा चढवून गड घेतला.

मग धरण आलं. दरी अरुंद, त्यामुळे पाणी अडवणं सोपं. पश्चिमेची भिंत ओलांडली की कोकण एकदम खोल. म्हणून डोंगरातून बोगदे काढून पाणी पोफळीला खाली सोडलं, वीज केली आणि ते वाशिष्ठीत गेलं. बंगालच्या उपसागराला जाणारं पाणी अरबी समुद्रात! प्रकल्पाची आजची क्षमता १९६० मेगावॉट आहे.

ही वीज फुकट नाही आली हो. शंभराच्या आसपास गावं उठली. कुणी सांगली-सोलापूरला गेलं, कुणी रायगड-ठाण्याला. काहींनी पाण्याच्या वर, डोंगरावर नवी घरं बांधली. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे भूकंप झाला, कोयनानगर उद्ध्वस्त झालं. आणि १९८५ मध्ये हेच खोरं अभयारण्य झालं, तेव्हा वर सरकलेल्यांतल्या काहींना पुन्हा उठावं लागलं. २०१० मध्ये व्याघ्र प्रकल्प, २०१२ मध्ये जागतिक वारसा.

आपण याला 'अस्पर्श जंगल' म्हणतो ना, मला तो शब्द खटकतो. वासोट्याच्या वाटेवर जुन्या जोत्याचे दगड आणि घराजवळची आंब्याची झाडं लागतात. जंगल परत वाढलं, कारण माणसं हलवली गेली. त्यातले काही प्रकल्पग्रस्त अजूनही हक्काच्या जमिनीसाठी आंदोलन करतात.

वासोट्याला जायचं तर बामणोलीतून बोट पकडा, वनखात्याची परवानगी घ्या. बोट जलाशयाच्या मधोमध आली की खाली बघा. तुमच्या खाली शेतं आहेत.