अमेरिकन मूकपटांतील सीमाप्रदेश : इतिहाससाधन म्हणून एक विचार

अमेरिकेत आता सलग अशी सीमारेषा दाखविता येत नाही, असा निष्कर्ष १८९० च्या जनगणनेतून काढण्यात आला. त्याच्याच आधारे फ्रेडरिक जॅक्सन टर्नर यांनी १८९३ मध्ये शिकागो येथे आपला प्रसिद्ध निबंध वाचला. मोकळी जमीन आणि पश्चिमेकडे सरकत जाणारी वसाहत यांतून अमेरिकन लोकशाही घडली, असे त्यांचे प्रतिपादन होते. पुढे दहाच वर्षांनी एडविन पोर्टर यांचा ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’ (१९०३) प्रदर्शित झाला. त्यातील ‘पश्चिम’ प्रत्यक्षात पूर्वेकडील न्यू जर्सीत चित्रित झाली होती. सीमाप्रदेशाचा चित्रपट असा सीमाप्रदेश संपल्यानंतर जन्मास आला, ही बाब अभ्यासकाने प्रथम ध्यानात घ्यावयास हवी.

टर्नर यांच्या ‘मोकळ्या’ जमिनीवर मूलनिवासी राहत होते. १८९० च्या डिसेंबरातच वूंडेड नी येथे सैन्याने लाकोटा स्त्री-पुरुष व बालकांची कत्तल केली. १९१३ मध्ये ‘बफेलो बिल’ कोडी यांनी पाइन रिज येथे, सैनिक व लाकोटा यांच्याच सहभागाने, तो प्रसंग कॅमेऱ्यासमोर पुन्हा घडविला. हा चित्रपट आज बहुतांशी नष्ट झाला आहे.

जॉन फोर्ड यांचा ‘द आयर्न हॉर्स’ (१९२४) आंतरखंडीय लोहमार्गाची कथा सांगतो. १० मे १८६९ रोजी प्रॉमॉन्टरी समिट येथे दोन्ही बाजूंचे रूळ जोडले गेले. त्यांपैकी सेंट्रल पॅसिफिकच्या मार्गावर बहुसंख्य मजूर चिनी होते. चित्रपटात ते दिसतात, परंतु कथा फिरते ती पित्याच्या खुनाचा सूड घेणाऱ्या गोऱ्या नायकाभोवती. चिनी मजुरांना अमेरिकेत १८८२ पासूनच प्रवेशबंदी होती. १९२४ च्या स्थलांतर कायद्याने ती जवळजवळ सर्व आशियाईंपर्यंत वाढविली. पडद्यावर राष्ट्रैक्याचा सोहळा रंगत असतानाच कायद्याने दार लावून घेतले होते.

तात्पर्य, ‘द आयर्न हॉर्स’ हे १८६९ पेक्षा १९२४ च्या अमेरिकन मनाचे अधिक विश्वसनीय साधन ठरते. मात्र या अनुमानालाही मर्यादा आहे. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या २०१३ च्या पाहणीनुसार, १९१२ ते १९२९ या काळातील सुमारे ११,००० अमेरिकन पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी केवळ १४ टक्के मूळ स्वरूपात उपलब्ध आहेत. लिखित कागदपत्रांप्रमाणेच येथेही काय टिकले याबरोबर काय हरवले, हा प्रश्न इतिहासकाराने विचारलाच पाहिजे.