जॉर्ज गर्बनर : दूरचित्रवाणीवरील हिंसा आणि भयाचे समाजशास्त्र

प्रस्तावना

प्रसारमाध्यमांतील हिंसेची चर्चा बहुधा एकाच प्रश्नाभोवती फिरते : पडद्यावरील हिंसा पाहून प्रेक्षक हिंसक बनतो काय? या चर्चेला वेगळी दिशा देण्याचे श्रेय प्रामुख्याने जॉर्ज गर्बनर (१९१९-२००५) यांना दिले जाते. प्रस्तुत लेखात त्यांच्या कार्याचा थोडक्यात आढावा घेतला आहे.

पार्श्वभूमी

बुडापेस्ट येथे जन्मलेल्या गर्बनर यांनी १९३९ मध्ये हंगेरी सोडली आणि पुढे ते अमेरिकेत स्थायिक झाले. १९६४ ते १९८९ या काळात ते पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातील ॲनेनबर्ग संज्ञापन विद्यालयाचे अधिष्ठाता होते. १९६८ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग आणि रॉबर्ट केनेडी यांच्या हत्यांनी अमेरिका हादरली. त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी मिल्टन आयझेनहॉवर यांच्या अध्यक्षतेखाली हिंसेची कारणे शोधण्यासाठी राष्ट्रीय आयोग नेमला. या आयोगासाठी गर्बनर यांनी केलेल्या अभ्यासातूनच 'सांस्कृतिक निर्देशांक' हा दीर्घकालीन प्रकल्प विकसित झाला.

पद्धती व निष्कर्ष

प्रकल्पात दरवर्षी कार्यक्रमांचा नमुना घेऊन त्यातील हिंसेची नोंद केली जाई. कोण मारतो यासोबतच कोण मार खातो, हेही मोजले जाई. स्त्रिया, वृद्ध आणि अल्पसंख्य यांच्या वाट्याला बळीची भूमिका तुलनेने अधिक येते, असे त्यातून दिसले. म्हणजेच पडद्यावरील हिंसा ही सत्तेच्या उतरंडीचे प्रात्यक्षिक ठरते.

१९७६ मध्ये लॅरी ग्रॉस यांच्यासह त्यांनी 'कल्टिव्हेशन' अर्थात मनोभूमीची मशागत हा विचार सविस्तर मांडला. दररोज चार तास वा अधिक काळ दूरचित्रवाणी पाहणाऱ्यांना जग प्रत्यक्षाहून अधिक धोकादायक वाटते आणि इतरांवरील त्यांचा विश्वास कमी असतो, असे त्यांचे प्रतिपादन होते.

आक्षेप

१९७९ मध्ये डूब आणि मॅकडोनाल्ड यांनी टोरांटो येथील पाहणीत वस्तीतील प्रत्यक्ष गुन्हेगारी विचारात घेतली, तेव्हा हा संबंध एकंदरीत नाहीसा झाला. पॉल हिर्श यांनीही त्याच आकडेवारीचे पुनर्विश्लेषण करून तीव्र टीका केली. १९८० मध्ये गर्बनर व सहकाऱ्यांनी सिद्धांतात दुरुस्ती केली. दूरचित्रवाणीचा परिणाम सर्वांवर सारखा नसतो; ज्यांचा प्रत्यक्ष अनुभव पडद्यावरील चित्राशी जुळतो त्यांच्यात तो दुणावतो, असे त्यांनी मान्य केले.

समारोप

आकडेवारीतील संबंध क्षीण असला, तरी गर्बनर यांनी उपस्थित केलेला प्रश्न राजकीयदृष्ट्या गंभीर आहे. भयभीत माणूस अधिक परावलंबी होतो, त्याला नियंत्रणात ठेवणे सोपे जाते आणि सुरक्षिततेच्या नावाखाली तो दडपशाहीचेही स्वागत करू शकतो, हे त्यांनी १९८१ मध्ये अमेरिकन काँग्रेसच्या उपसमितीपुढे मांडले होते. म्हणूनच माध्यमांतील हिंसेचे मूल्यमापन केवळ घडलेल्या गुन्ह्यांवरून न करता, समाजात रुजलेल्या भयावरून आणि त्या भयाचा लाभ कोणाला होतो यावरूनही करणे आवश्यक ठरते.