शिऱ्याचा सुभा आणि आपले दफ्तर



बंगळूरहून पुण्या-मुंबईकडे जाणाऱ्या रात्रीच्या बसने आपण सगळेच कधी ना कधी गेलो आहोत. तुमकूर सुटले की डोळा लागतो, आणि त्या झोपेतच एक गाव मागे पडते. शिरा. (प्रसादाचा नव्हे, गावाचे नाव!) मीही कित्येक वर्षे ते असेच झोपेत ओलांडले. एके काळी हे मोगलांच्या सुभ्याचे ठाणे होते हे मला कळले, ते ऑफिसातल्या एका वादामुळे.

झाले असे की, शिवजयंतीच्या दिवशी चहाच्या वेळी मी जरा चढ्या आवाजात म्हणालो, "बंगळूर ही शहाजीराजांची जहागीर. आम्ही इथे पाहुणे नाहीच!" आमचे एक वयस्कर हेडक्लार्क मूळचे शिऱ्याचे. ते शांतपणे म्हणाले, "जहागीर दिली कुणी, सार? आणि गावचा हिशेब कोण लिहीत होतं?" मला दोन्हींपैकी एकाचेही धड उत्तर देता आले नाही. डिप्लोमाला इतिहास नसतो. मग रविवारी वाचत बसलो.

पहिले उत्तर थोडे बोचले. 1638 मध्ये विजापूरच्या रणदुल्लाखानाच्या फौजेने तिसऱ्या केंपेगौडाकडून बंगळूर घेतले. शहाजीराजे त्या मोहिमेत होते. बंगळूर त्यांना जहागीर मिळाले, पुढे होसकोटे, कोलार, दोड्डबळ्ळापूर आणि शिराही. म्हणजे प्रदेश आदिलशहाचा, कारभार राजांचा. 1686 मध्ये विजापूर पडले आणि पुढच्याच वर्षी औरंगजेबाचा सरदार कासीमखान इकडे उतरला. व्यंकोजीराजे तोवर तंजावरला स्थिरावले होते आणि बंगळूर म्हैसूरच्या चिक्कदेवराज वोडेयरांना तीन लाख रुपयांना विकण्याचे त्यांचे बोलणे चालू होते. खानाने शहर काबीज केले आणि ते म्हैसूरलाच तीन लाखांना देऊन टाकले. (हाच कासीमखान पुढे 1695 मध्ये संताजी घोरपड्यांनी दोड्डेरीच्या गढीत कोंडला. तो तिथेच मेला.)

उरलेल्या मुलखाचा मोगलांनी सुभा केला आणि ठाणे शिऱ्याला ठेवले. परगणे सात: बसवापट्टण, बुदिहाळ, शिरा, पेनुकोंडा, दोड्डबळ्ळापूर, होसकोटे आणि कोलार. बंगळूर त्यात नाही. पण आपल्या इंदिरानगरातून ओल्ड मद्रास रोडने वीसेक किलोमीटर गेले की होसकोटे लागते, म्हणजे मोगलाई इथून फार लांब नव्हती. हरपनहळ्ळी, आनेगुंदी, बेदनूर, चित्रदुर्ग, म्हैसूर वगैरे राज्ये परगण्यात नव्हती, ती नुसती खंडणी भरत. शहाजीराजांची समाधी होदिगेरेला आहे, ते गावही बसवापट्टणच्या जवळच.

दुसऱ्या प्रश्नात मी खरा रमलो. सतराव्या शतकाच्या मध्यापर्यंत इथल्या गावांचे हिशेब कानडीत असत, तेलुगू बोलणाऱ्या गावांचेसुद्धा. मराठे सरदार आले, त्यांच्यामागे देशस्थ मंडळी आली आणि सरकारी हिशेबात मराठी शिरली. पाळेगारांनाही पदरी मराठी कारकून ठेवावे लागले. मोगलांनी त्यावर फारसीचा थर चढवला.

कामाची वाटणी अशी होती. देशमुख गावच्या पाटलाबरोबर हिशेब ठरवी. देशपांडे गावच्या शानभोगाचे हिशेब तपासून पाही. कानुगो सरकारी नियमांची नोंद ठेवी आणि ते रयतेला व अंमलदारांना समजावून सांगे. मजमूदाराच्या कचेरीत जमाबंदी तयार होऊन गावोगाव जाई. मला हे वाचून आमच्या मेजरमेंट बुकाची आठवण झाली. खालच्याने मापे घ्यायची, वरच्याने टेस्ट चेक करून सही ठोकायची! शानभोगाचे बुक म्हणजे कडत. चिंचोक्याची खळ आणि कोळसा लावून काळी केलेली, घडी घालता येणारी कापडी वही. तिच्यावर मऊ दगडाच्या पेन्सिलीने तो कानडीत लिही. मापे त्याची, शेत कुणाचे आणि विहीर कुणाची ही माहितीही त्याचीच. आपला देशपांडे तपासणीस.

आणि हा वर्ग लोकसंख्येत होता तरी किती? कचेरीपुरता. पेठेत, शेतात, विणकराच्या मागावर कानडी आणि तेलुगू माणसे होती. शिऱ्यात मुसलमान वस्तीही मोठी, 1651 चा मलिक रिहानचा मकबरा आणि 1696 ची जुम्मा मशीद आजही उभी आहे. अठराव्या शतकात दिलावरखानाच्या अमदानीत शिऱ्यात पन्नास हजार घरे होती असे राईसच्या म्हैसूर गॅझेटियरात ऐकीव म्हणून दिले आहे. माझा काही विश्वास बसत नाही. घरटी पाच माणसे धरली तरी अडीच लाख होतात, आणि 1901 च्या शिरगणतीत बंगळूर शहर आणि कॅन्टोन्मेंट मिळून 1,59,046 माणसे भरली! तरी गाव मोठे होते यात शंका नाही, कारण पुढे टिपूने श्रीरंगपट्टणजवळचे गंजाम वसवायला इथून बारा हजार कुटुंबे जबरदस्तीने हलवली, असेही तिथेच लिहिले आहे. शिरा त्यातून पुन्हा वर आला नाही. 1757 मध्ये पेशव्यांच्या फौजेने घेतलेले, हैदराने, मग पुन्हा मराठ्यांनी, शेवटी टिपूने घेतलेले हे गाव. प्रत्येक नव्या धन्याबरोबर वरची भाषा आणि वरचे कारकून बदलले, शानभोग मात्र तोच राहिला.

आता आपण इथे कोण? मला वाटते, मालक तर नाहीच. त्या देशपांड्यासारखे, कामावर आलेले. त्याच्या वंशजांतल्या बऱ्याच जणांच्या घरी आज कानडीच बोलतात. शिरस्तेदार, जमाबंदी हे शब्द इथल्या तालुका कचेरीत अजून ऐकू येतात, ते कानडी म्हणूनच.

हेडक्लार्कना मी उत्तर नेऊन दिले. "हिशेब शानभोगच लिहीत होता, तेही कानडीत. आमचा माणूस फक्त तपासत होता." ते हसले. "म्हणजे अजून तसंच चाललंय की, सार." माझ्या टेबलावर तेव्हा सहीसाठी चार मेजरमेंट बुके पडली होती.

कार्यकारिणीला एक विनंती. विसर्जनानंतरच्या एखाद्या रविवारी शिऱ्याची सहल काढावी. सकाळी लवकर निघालो तर किल्ला, मकबरा, मशीद बघून रात्रीपर्यंत सहज परत येता येईल. हेडक्लार्कसाहेब आता निवृत्त होऊन गावीच असतात. वाट दाखवायला येतो म्हणाले आहेत, पण बोलायचे मात्र कानडीत, अशी त्यांची अट आहे.