हिमावरील खेळ आणि झाडीचा पट

चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांतील जंगलपट्टीला तेथील लोक ‘झाडी’ म्हणतात. दिवाळी सरून धानाची कापणी आटोपली, कीं या झाडींतल्या बांध्या मोकळ्या पडतात. खेळांना जागा मिळते आणि माणसांना सवड मिळते. दिवसां बैलजोड्यांचा शंकरपट, एखाद्या गांवीं कबड्डीचे सामने आणि रात्रीं मंडपांत नाटक, असा कार्यक्रम होळीपर्यंत गांवोगांव चालतो. झाडीचा हिवाळा हा खऱ्या अर्थानें खेळांचा ऋतु होय.

जगाच्या दुसऱ्या टोकाला, नॉर्वे-स्वीडनसारख्या देशांतही हिवाळा हा खेळांचाच ऋतु आहे. कारण मात्र निराळें. तेथें शेतें व रस्ते हिमाखालीं जातात आणि पायांना लांकडी पट्ट्या बांधून घसरत जाणें ही पूर्वीं प्रवासाची नित्याची रीत होती. तिच्यांतूनच स्कीइंगचा खेळ निघाला. आज ‘हिवाळी खेळ’ म्हटलें म्हणजे सुशिक्षितांच्या डोळ्यांपुढें हा हिमावरील खेळच उभा राहतो, धानाच्या बांधींतला उभा राहत नाहीं. ऑलिंपिकच्या सनदेंतही हिम किंवा बर्फ यांवर खेळले जाणारे तेवढेच हिवाळी खेळ, अशी व्याख्या आहे. व्याख्या करणारा ज्या भूमीवर उभा असतो, तिचा रंग व्याख्येला लागतो. मग त्या कार्यक्रमांत कोणता खेळ बसतो, कोणता गळतो आणि हें ठरतें कशावरून, याचा इतिहास पाहण्याजोगा आहे.

या इतिहासाचा आरंभच मोठा गमतीचा आहे. १९०१ सालीं स्टॉकहोम येथें उत्तरेकडील देशांचे हिवाळी खेळ सुरू झाले. पुढें १९०८ च्या लंडन ऑलिंपिकमध्यें कलात्मक स्केटिंग आणि १९२० च्या अँटवर्प ऑलिंपिकमध्यें आइस हॉकी, हे दोन बर्फाचे खेळ उन्हाळी कार्यक्रमांतच घालण्यांत आले. स्वतंत्र हिवाळी ऑलिंपिकची सूचना निघाली तेव्हां तिला विरोध केला तो हिमाच्या देशांनींच! आपल्या खेळांचें महत्त्व कमी होईल, असें त्यांना वाटलें. अखेर तडजोड होऊन १९२४ च्या जानेवारींत फ्रान्समधील शामोनी येथें ‘आंतरराष्ट्रीय हिवाळी क्रीडा सप्ताह’ भरला. त्यांत १६ स्पर्धा झाल्या. हा सप्ताह म्हणजेच पहिलें हिवाळी ऑलिंपिक, असा निर्णय मागाहून देण्यांत आला. विरोध करणाऱ्या नॉर्वेनेंच तेथें सर्वांत अधिक पदकें जिंकलीं, हें विशेष. शामोनीच्या १६ स्पर्धांचा आंकडा २०२२ च्या बीजिंग येथील स्पर्धांत १०९ वर पोहोंचला. ही वाढ कांहीं सरळ रेषेनें झालेली नाहीं. त्या वाटेंत कित्येक खेळ आले, गेले आणि परत आले.

खेळाचें भाग्य ठरविणारी पहिली गोष्ट म्हणजे स्थळ. घसरगाडीवर पालथें पडून, तोंड पुढें करून, एकट्यानें बर्फाच्या उतारावरून खालीं येणें या खेळाला स्केलेटन म्हणतात. त्याची प्रसिद्ध उतरण स्वित्झर्लंडमधील सेंट मॉरिट्झ येथें होती. म्हणून १९२८ व १९४८ सालीं स्पर्धा त्या गांवीं भरल्या तेव्हां स्केलेटन कार्यक्रमांत आला आणि स्पर्धा दुसरीकडे गेल्या तेव्हां तो गळाला. त्याला कायमची जागा मिळाली ती थेट २००२ सालीं. १९३२ सालीं अमेरिकेंतील लेक प्लॅसिड येथें कुत्र्यांच्या घसरगाड्यांची शर्यत प्रात्यक्षिक म्हणून दाखविण्यांत आली, पण तिला पुढें जागा मिळाली नाहीं. १९६० सालीं स्क्वॉ व्हॅलीच्या यजमानांनीं बॉबस्लेची उतरण बांधण्याचा खर्च करण्याचें नाकारलें. आरंभापासून रुळलेला तो खेळ तेवढ्या वर्षापुरता बाजूस राहिला.

दुसरी गोष्ट म्हणजे प्रसार. एखादा खेळ एका खोऱ्यांतील लोकांना कितीही प्रिय असला, तरी तो अनेक देशांत खेळला जात नसेल आणि त्याचे नियम सर्वांना मान्य नसतील, तर जगाच्या कार्यक्रमांत तो टिकत नाहीं. बर्फावरून जड दगड सरकवीत नेमक्या वर्तुळांत नेऊन थांबविण्याचा कर्लिंग हा स्कॉटलंडचा खेळ शामोनीला झाला खरा, परंतु पुढें १९३२, १९८८ व १९९२ सालीं त्याला केवळ प्रात्यक्षिकाचें स्थान मिळालें. पूर्ण मान १९९८ सालीं नागानो येथें मिळाला, आणि शामोनीचा सामना अधिकृत होता हें २००६ सालीं मान्य झालें. ज्यांनीं तो सामना जिंकला होता त्यांना आपला विजय ऑलिंपिकचा होता, हा निर्वाळा ऐकण्यास इतकीं वर्षें जगतां आलें नाहीं. उलट, बव्हेरिया-ऑस्ट्रियाकडील लोकांचा तसाच एक खेळ, आइसस्टॉक, १९३६ व १९६४ सालीं दाखविला गेला, तरी त्याला अद्यापि प्रवेश मिळालेला नाहीं.

तिसरी आणि सर्वांत महत्त्वाची गोष्ट म्हणजे माणसांची मागणी. शामोनीला स्त्रियांना कलात्मक स्केटिंगखेरीज दुसरें कांहींच खुलें नव्हतें. १९५२ मध्यें स्कीवरील लांब पल्ल्याची शर्यत आणि १९६० मध्यें वेगाचें स्केटिंग त्यांना मिळालें. मात्र स्कीवरून उंच उडी घेण्याची स्पर्धा पहिल्या वर्षापासून पुरुषांचीच राहिली. २००९ सालीं कांहीं स्त्री-खेळाडूंनीं कॅनडांतील न्यायालयांत दाद मागितली. हा पक्षपात आहे असें न्यायाधीशांनीं मानलें. पण निर्णय आंतरराष्ट्रीय समितीचा असल्यामुळें यजमानांना भाग पाडतां येत नाहीं, म्हणून दावा फेटाळला गेला. दावा हरला, पण मागणी मेली नाहीं. २०१४ सालीं सोची येथें स्त्रियांनीं ती उडी घेतली. शामोनीपासून त्या उडीपर्यंत ९० वर्षें गेलीं. उडी आणि दौड मिळून होणारी नॉर्डिक कंबाइंड ही स्पर्धा २०२६ च्या कार्यक्रमांतही केवळ पुरुषांपुरतीच ठेवण्यांत आली. ‘पूर्वींपासून असेंच आहे’ हें उत्तर किती चिवट असतें, हें यावरून दिसतें.

आतां १९३६ या एका वर्षाकडे पाहिलें म्हणजे हिमाची कथा विदर्भाच्या मातीला येऊन मिळते. त्या वर्षीं जर्मनींत दोन्ही ऑलिंपिकें झालीं. फेब्रुवारींत गार्मिश-पार्टेनकिर्खेन येथें डोंगरउतारावरील स्कीइंग प्रथमच कार्यक्रमांत आलें. परंतु शिकवणीचें वेतन घेणारे स्की-शिक्षक हौशी नव्हेत, असें म्हणून त्यांना मज्जाव झाला आणि ऑस्ट्रिया व स्वित्झर्लंड यांच्या स्कीपटूंनीं बहिष्कार घातला. त्याच वर्षीं उन्हाळ्यांत बर्लिन येथें अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचें पथक डॉ. सिद्धनाथ काणे यांच्या नेतृत्वाखालीं गेलें आणि त्यानें कबड्डीचें, म्हणजे जुन्या हुतूतूचें, व इतर देशी व्यायामांचें दर्शन घडविलें. १९१४ सालीं वैद्य बंधूंनीं स्थापिलेल्या या संस्थेनें वऱ्हाडच्या मैदानावरचा खेळ युरोपच्या डोळ्यांसमोर नेला. तेव्हांचा चांदा जिल्हा, ज्यांतून १९८२ सालीं गडचिरोली वेगळा झाला, अमरावतीच्याच प्रांतांत, मध्यप्रांत-वऱ्हाडांत, मोडत होता.

बर्लिनमध्यें टाळ्या पडल्या. पण टाळ्या म्हणजे प्रवेश नव्हे. कर्लिंगला जें करावें लागलें तेंच कबड्डीलाही करावें लागलें. नियम एक करणें, मंडळें उभारणें आणि शेजारच्या देशांना खेळ शिकविणें, हीं कामें दशकानुदशकें चाललीं. १९५० सालीं अखिल भारतीय संघटना निघाली. शंकरराव साळवी यांच्यासारख्यांनीं या खेळासाठीं आयुष्य वेंचलें. १९८२ च्या दिल्लीच्या आशियाई स्पर्धांत कबड्डी प्रात्यक्षिक म्हणून आली आणि १९९० सालीं बीजिंगमध्यें ती पदकाची झाली. बर्लिनपासून तेथवर ५४ वर्षें लागलीं. स्त्रियांची कबड्डी तेथें येण्यास आणखी २० वर्षें जावीं लागलीं, ती २०१० सालीं ग्वांगझूला आली. यापुढील प्रसंग मोठा बोधप्रद आहे. सलग सात वेळां सुवर्णपदक मिळविणाऱ्या भारतीय पुरुषांचा २०१८ सालीं जकार्ता येथें इराणनें पराभव केला, आणि पुरुष व स्त्रिया दोघांचींही सुवर्णपदकें इराणला गेलीं. पुढच्या, २०२३ मध्यें हांगझौ येथें झालेल्या स्पर्धांत तीं दोन्ही भारताकडे परत आलीं. पण जकार्ताचा पराभव हा खेळाच्या दृष्टीनें अपयश नव्हता. आपला खेळ जगाचा व्हावा असें ज्यास वाटतें, त्यानें शिष्याकडून हरण्याची तयारी ठेविली पाहिजे. जो खेळ एकच देश जिंकतो त्याला जग फार दिवस जागा देत नाहीं.

झाडीच्या स्वतःच्या हिवाळी कार्यक्रमावरही असाच प्रसंग आला. बैलांना होणाऱ्या क्लेशाचा विचार करून सर्वोच्च न्यायालयानें ७ मे २०१४ रोजीं बैलांच्या शर्यती बंद केल्या. शंकरपट हा झाडीच्या दिवसाचा कणा. पटाला जमलेली माणसें रात्रीं नाटकाला बसतात, आणि त्या नाटकांवर नट, वादक, पडदे रंगविणारे अशा कित्येकांचा चरितार्थ चालतो. पट थांबला तरी नाटकें थांबलीं नाहींत. पण कार्यक्रमाचा अर्धा भाग रिता झाला. महाराष्ट्रानें २०१७ सालीं कायद्यांत दुरुस्ती केली. १६ डिसेंबर २०२१ रोजीं शर्यतींना परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ रोजीं घटनापीठानें ती दुरुस्ती वैध ठरविली. मात्र पट आतां पूर्वींचा राहिला नाहीं. जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी लागते आणि जनावराला इजा न होण्याच्या अटी पाळाव्या लागतात.

या दोन कथा शेजारीं ठेविल्या म्हणजे एक गोष्ट स्पष्ट होते. कॅनडाच्या न्यायालयांत ज्या स्त्रिया गेल्या, त्यांना जुना कार्यक्रम आड येत होता. दिल्लीच्या न्यायालयांत ज्यांची बाजू मांडली गेली ते बैल स्वतः बोलूं शकत नव्हते, आणि त्यांच्याही आड जुनी चालच उभी होती. खेळ जुना आहे हें त्याच्या प्रेमाचें कारण होऊं शकतें, त्याच्या अधिकाराचें नव्हे. त्यांत कोणाला घेतलें, कोणाला वगळलें आणि कोणाच्या जिवावर तो चालतो, हे प्रश्न प्रत्येक पिढीला नव्यानें विचारावेच लागतात.

झाडीच्या गांवांत दर हिवाळ्यांत पुढारी मंडळी एकत्र बसतात, पटाची तारीख ठरते, नाटकाचें नांव ठरतें आणि पत्रक छापावयास जातें. तें पत्रक लहान असलें तरी काम मोठ्या समितीचेंच असतें. त्यावर बैलाच्या पाठीवर काठी पडणार नाहीं अशी हमी असावी, आणि मुलांच्या कबड्डीखालीं मुलींच्या कबड्डीची एक ओळ असावी. शामोनीहून सोचीला जाण्यास जगाला ९० वर्षें लागलीं. गांवच्या पत्रकांत ती ओळ घालण्यास एक हिवाळा पुरे आहे.